पिवळ्या कोल्ह्यासाठी एक हरकाम्या

माझ्या धाकट्या बहिणीला दुर्मीळ प्राणी आपणहून सापडायचे आणि मला ते बघवायचं नाही. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे तिच्याबद्दल काही वाकडं बोलले तर कुणी दचकू नये.

आम्ही भोपाळला एका मोठ्या सरकारी कारखान्याच्या टाउनशिपमध्ये राहायचो. बाबा इंजिनिअर. पुण्याहून नोकरीसाठी आले ते तिथेच रुजले. घरात मराठी आणि दाराबाहेर पाऊल टाकलं की हिंदी, असा आईचा कायदा होता. तो मी पाळायचे आणि धाकटी मोडायची. मी नववीत असताना आत्या परदेशातून आली आणि आम्हा दोघींना हातात धरून खेळायची एकेक गेम देऊन गेली. दोन्हींत खेळ तोच. गवतातून चालायचं, अचानक एखादा प्राणी समोर येतो, आपल्या प्राण्याला त्याच्याशी लढवायचं, तो दमला की डबी फेकून त्याला आत बंद करायचं. हे असे प्राणी गोळा करत जायचं. इतकंच.

खरी गंमत रंगाची होती. प्रत्येक जातीचा रंग ठरलेला. पण कधीतरी, फार म्हणजे फारच क्वचित, त्याच जातीचा एखादा वेगळ्या रंगाचा यायचा. येताना किणकिण वाजायचं, पडद्यावर चांदण्या चमकायच्या. कॉलनीतली निम्मी पोरं असा एक तरी मिळावा म्हणून सुट्टीभर त्याच त्या गवतात फेऱ्या मारत असत. धाकटीला पहिला मिळाला तेव्हा तिला कळलंसुद्धा नाही. हिरव्या बेडकाच्या जागी जांभळा आला, तर ही माझ्याकडे येऊन म्हणते, "ताई, माझा गेम खराब झालाय का गं?" मी ओरडेपर्यंत तिने डबी फेकलीही होती. त्याला दमवलं नाही, काही नाही. आणि तो मुकाट्याने आत जाऊन बसला. त्यानंतर तिला गुलाबी घुबड मिळालं. मग काळं कासव. माझ्या अंगाचा नुसता तिळपापड व्हायचा.

प्राण्यांचं एक वेळ सोसलं असतं. मला सोसायचं नाही ते बाबांचं. बाबा मुळात कमी बोलणारे. संध्याकाळी कारखान्याचा भोंगा झाला की थोड्या वेळाने फाटकाशी स्कूटर थांबायची, हातपाय धुऊन ते चहा घ्यायचे, आणि मग कप घेऊनच दिवाणावर धाकटीच्या शेजारी बसायचे. चष्मा कपाळावर ढकलून तिच्या पडद्यात डोकं घालायचे. "दाखव बरं, आज काय निघालं?" मी समोरच्या खुर्चीत, माझ्याही हातात तोच खेळ. माझ्याकडे बघून ते विचारायचे, "अभ्यास झाला?" झालेला असायचा. मी तसं सांगायचे. "शाबास," म्हणून ते पुन्हा जांभळ्या बेडकाकडे वळायचे.

त्या उन्हाळ्यात बाबांना साइटवर जायचं ठरलं. कारखान्यात बनलेली यंत्रं कुठल्याशा वीजघरात नेऊन उभी करायची, म्हणजे वर्षभर तरी ते घरी नसणार. टाउनशिपमध्ये हे काही नवं नव्हतं, प्रत्येक ब्लॉकमधले कुणाचे ना कुणाचे वडील साइटवर असायचेच. पण मी मनाशी पक्कं केलं. ते जायच्या आधी एकदा तरी बाबा चहाचा कप घेऊन माझ्या शेजारी बसले पाहिजेत आणि माझ्या पडद्यात त्यांनी डोकं घातलं पाहिजे. त्यासाठी मला पिवळा कोल्हा हवा होता.

आमच्या खेळात कोल्हा राखाडी असतो. डोंगरातल्या एका कुरणात तो मिळतो आणि अतिशय भित्रा असतो. समोर आला की पहिली संधी मिळताच पळून जातो. त्यामुळे पिवळा कोल्हा कॉलनीत कुणाकडेच नव्हता. दिसलेला एक-दोघांना, पण हातावर तुरी देऊन गेलेला. धाकटीकडेही नव्हता, हे महत्त्वाचं.

आता नशीब काही मला आत्याने दिलेलं नव्हतं. पण जेवताना बाबा एकदा आईला त्यांच्या कारखान्यातल्या शॉपमधलं काही सांगत होते. नवीन पोरं जॉब, म्हणजे घडवायचा तुकडा, थेट मशीनवर चढवतात आणि मग तो हलतो. आधी फिक्श्चर बनवावं, म्हणजे जॉब घट्ट धरून ठेवणारा साचा. "धरून ठेवता आला की निम्मं काम झालं," बाबा म्हणाले. धाकटी वरणातली फोडणी बाजूला काढत होती. मी मात्र ते ऐकलं. कोल्हा कधी येईल ते माझ्या हातात नव्हतं, पण आला तर त्याला धरून ठेवणारा मदतनीस मी तयार करू शकत होते.

असा मदतनीस निवडणं सोपं नसतं. त्याला हळूच मारता आलं पाहिजे, म्हणजे समोरचा अर्धमेला होईल पण मरणार नाही. मेला की संपलं, मेलेल्याला डबीत घालता येत नाही. त्याला समोरच्याला गुंगी आणता आली पाहिजे. पळायची वाट अडवता आली पाहिजे. आणि हे सगळं कोल्हा हलायच्या आत. त्यातून प्रत्येक प्राण्याला एका वेळी चारच विद्या लक्षात राहतात, पाचवी शिकवायची तर एक विसरायला लावावी लागते. मी आधी कासव घेतलं. त्याची गुंगी जबरदस्त, पण त्याची पाळी येईपर्यंत कोल्हा डोंगरापलीकडे. मग वटवाघूळ घेतलं. चपळ होतं, वाट अडवायचं, पण त्याला हळू मारणं म्हणजे काय हेच ठाऊक नव्हतं. टाउनशिपच्या मार्केटमधल्या सायबर कॅफेत बसून मी वाचलं, शेजारच्या सोनागिरी वस्तीतून शाळेत येणाऱ्या मुलांना विचारलं, आणि शेवटी मुंगसावर आले.

मुंगूस दिसायला अगदी सामान्य होता. खेळाच्या सुरुवातीलाच मिळतो आणि बहुतेक लोक त्याला सोडून देतात. पण त्याला हळू मारता यायचं, रोखून बघत वाट अडवता यायची, गुंगीची पूड उडवता यायची. चौथ्या जागी मी त्याला स्वतःची जखम भरून काढायला शिकवलं. त्यासाठी त्याची एकुलती एक जोरदार झडप विसरायला लावली. आता तो स्वतः कुठलीही लढाई जिंकू शकत नव्हता. कोल्ह्याहून चपळ व्हावा म्हणून मी दुपारच्या दुपारी कूलरसमोर बसून, बाकीच्यांच्या लढायांत त्याला सोबत नेऊन वाढवत राहिले. माझ्या बाकीच्या सगळ्या प्राण्यांहून तो मोठा झाला. आई म्हणायची, "एवढं त्या मुंगसाऐवजी केसांना तेल लावलं असतंस तर!"

एकदा बाबांनी जाता जाता वाकून पाहिलं. मी त्यांना चारही विद्या भराभर सांगितल्या. ते म्हणाले, "अरे वा, हा तर हरकाम्या आहे!" मला इतका आनंद झाला की त्या रात्री भेंडीची भाजीसुद्धा मी दोनदा घेतली. हरकाम्या हेच नाव त्याला पडलं. पण नाव ठेवायला बाबा थांबले तेवढेच. दिवाणावर धाकटीला नुकताच कुठला तरी चंदेरी मासा मिळाला होता.

बाबा निघायच्या आधीचा शेवटचा रविवार आला. त्यांची बॅग बाहेरच्या खोलीत उघडी पडलेली. आणि त्याच सकाळी धाकटीला साक्षात्कार झाला की आपल्यालाही पिवळा कोल्हा हवा.

"अरे यार ताई, तेरा वाला दे ना. बस आज के लिए."

"घरात मराठी!" आई स्वयंपाकघरातून ओरडली.

"दे ना गं ताई. आजच्यापुरता."

मी नाही म्हणाले. पुन्हा नाही म्हणाले. बाबा बॅगेत मोजे कोंबत होते. वर न बघता ते म्हणाले, "दे गं तिला एक दिवस. तू मोठी आहेस ना."

दिला. दोन्ही गेम वायरने जोडायच्या आणि एकीकडचा प्राणी दुसरीकडे पाठवायचा, बदल्यात तिकडून काहीतरी यावंच लागतं. धाकटीने मला एक अळी पाठवली. नुकतीच पकडलेली, बिनकामाची. मग बाबा बॅग तशीच टाकून तिच्या शेजारी बसले. "चल, बघू या ताईचा हरकाम्या काय करतो." माझा हरकाम्या बघायला ते तिच्याजवळ बसले! मी आतल्या खोलीत गेले आणि पलंगावर भिंतीकडे तोंड करून खेळायला लागले. निव्वळ हट्टाने कोल्ह्याच्या त्याच कुरणात गेले. हरकाम्या नसताना तिथे जाण्यात काही अर्थ नव्हता हे मला चांगलं कळत होतं.

थोड्या वेळात बाहेरून धाकटीच्या किंकाळ्या यायला लागल्या. "बाबा, ये सुनता ही नहीं! मैंने बोला सुला दे, तो खुद सो गया!" झालं असं होतं की उसना घेतलेला प्राणी फार वाढलेला असेल आणि घेणाऱ्याने खेळात पुरेशी पदकं जिंकलेली नसतील, तर तो त्याला जुमानत नाही. धाकटी पदकांच्या वाटेला कधी गेलीच नव्हती. हा नियम मलाही ठाऊक नव्हता, कारण मी कुणाकडून कधी काही उसनं घेतलंच नव्हतं. मला भयंकर बरं वाटलं. माझा आहे तो, तिचं कसा ऐकेल! उशीत तोंड घालून मी हसले.

मग बाबांचं हसणं ऐकू आलं. आमचे बाबा ओठ न उघडता हसणारे. त्या दिवशी ते खो-खो हसत होते, धाप लागेपर्यंत. "अगं, आळस देतोय बघ! आता पाठ फिरवून बसला!" माझं हसू गेलं. मी त्याला तयार केलं होतं तेव्हा तो प्रत्येक शब्द ऐकायचा आणि बाबांना त्यात बघण्यासारखं काही वाटलं नव्हतं. तिच्या हातात तो बिघडला आणि बाबांना जन्मात आलं नव्हतं इतकं हसू आलं. तिचं जमलं तरी बाबा तिचे आणि फसलं तरी तिचेच. मला रडू यायला लागलं होतं, आणि तेवढ्यात किणकिण वाजलं.

समोर पिवळा कोल्हा उभा होता. ताज्या ओल्या हळदीसारखा पिवळा.

"बाबा!" मी ओरडले. "बाबा, इकडे या!"

"आलो, आलो."

कुरणात माझ्यासोबत एक बैल होता, त्याची एक धडक कोल्ह्याला मारून टाकणार. एक गरुड होता, त्याचंही तेच. आणि अळी. मी काही न करता डबी फेकली. ती हलली, पुन्हा हलली, आणि डबी फुटून कोल्हा बाहेर आला. अजून उभा होता.

"बाबा, या ना! लवकर!"

"अगं, एक मिनिट! हा बघ आता काय करतोय—" आणि पुन्हा दोघांच्या हसण्याचा स्फोट झाला.

कोल्हा वळला आणि निघून गेला. पडद्यावर नुसतं गवत राहिलं.

बाबा दारात आले तेव्हा चष्मा काढून डोळे पुसत होते. हसू अजून चेहऱ्यावर होतं. "काय गं, काय झालं?"

"पिवळा कोल्हा आला होता."

"मग?"

"गेला."

"असू दे. पुन्हा येईल." ते आत आले, माझ्या डोक्यावर हात ठेवला. पडद्याकडे त्यांनी पाहिलंही, पण आता तिथे बघायला काहीच नव्हतं. मग आवाज खाली आणून म्हणाले, "उद्या निघताना मला धाकटीची काळजी वाटतेय बघ. आईचीही वाटते. तुझी मात्र नाही. तुझ्याकडे मला बघावंच लागत नाही, केवढा आधार आहे तो."

ते कौतुक होतं. मनापासूनचं होतं, आणि एवढं मोठं कौतुक त्यांनी धाकटीचं कधीच केलं नव्हतं. तरी त्या क्षणी मला तिचा जेवढा हेवा वाटला तेवढा जन्मात कुणाचा वाटलेला नाही. बाबा, इथे बसा, एवढंच म्हणायचं होतं. मी नुसती मान डोलावली.

बाहेरून धाकटीने हाक मारली आणि बाबा गेले.