हाड जुनं की भेट जुनी

एक्स-रेची फिल्म उजेडाला धरून डॉक्टर म्हणाले, "फ्रॅक्चर आहे. सर्जिकल नेक ऑफ ह्युमरस." माझं तोंड बघून त्यांनी स्वतःच्या दंडावर बोट ठेवून दाखवलं. दंडाचं हाड वर खांद्याच्या गोळ्याला मिळतं, त्याच्या जरा खाली ते मोडलं होतं. आणि मोडलं तेही उजव्या हाताचं.

मी तेव्हा साजगावच्या एका कागद कारखान्यात पॅकिंगला होते. रिमांचे गठ्ठे थप्पीवर चढवताना लाकडी स्टूल सरकलं आणि मी खांद्यावर आपटले. शेजारी भीमाबाई काम करत होती, तिनंच मला उठवून बसवलं. त्याआधी सहाच महिने मी परमनंट झाले होते. आमच्या वस्तीतली कारखान्यात परमनंट झालेली मी पहिली बाई. तेव्हा माझ्या नवऱ्यानं, यशवंतनं, घरोघरी पेढे वाटले होते.

कर्जतला हाडांचे डॉक्टर बसत, तिथं मला नेलं. ऑपरेशन नको म्हणाले. कॉलर अँड कफ बांधलं. म्हणजे काय, तर गळ्यातून घेतलेली पट्टी मनगटाला अडकवायची आणि कोपर लोंबतं सोडायचं. हाताच्या वजनानं हाड आपोआप जागेवर येतं.

ज्यांच्यावर ही वेळ येईल त्यांना आधीच सांगून ठेवते. पहिले पंधरा दिवस आडवं पडता येत नाही, भिंतीला उशी लावून बसल्या बसल्याच डोळा लागतो. दंड काळानिळा पडतो आणि तो रंग कोपरापर्यंत उतरतो. त्याला घाबरू नका. लुगडं नेसणं, वेणी घालणं, सगळं परस्वाधीन होतं. यशवंत बांधकाम खात्याच्या रस्त्यावर खडी फोडायचा. त्या हातांनी तो माझी वेणी घालायला शिकला. पहिली वेणी इतकी वाकडी झाली की भीमाबाई बघायला आली आणि हसून बेजार झाली.

दर पंधरा दिवसांनी फॉलोअप, म्हणजे हाड जुळतंय का ते बघायला पुन्हा जायचं. खोपोलीहून गाडीनं कर्जत, मग केसपेपरच्या खिडकीपुढे रांग. पहिल्या खेपेला त्या खिडकीतल्या माणसानं कागदावर 'न्यू' असा शिक्का मारला होता. दुसऱ्या खेपेपासून 'ओल्ड'. मला त्यात काही वावगं वाटलं नाही. मी त्या खिडकीला ओळखीची झाले, म्हणून जुनी, असंच मी धरलं.

तिसऱ्या भेटीत डॉक्टर खूश होते. फिल्मवर कॅलस दिसत होता. मोडलेल्या जागी नवं हाड डिंकासारखं जमतं, त्याला कॅलस म्हणतात. सर्टिफिकेटवर त्यांनी 'फ्रॅक्चर शोल्डर, युनायटिंग' असं लिहिलं, म्हणजे जुळत आलंय. खिडकीवर त्याच्यावर शिक्का बसला आणि मी तो कागद हसतमुखानं कारखान्यात नेऊन दिला. माझं शिक्षण मराठी चौथी. इंग्रजी कागदावर काय आहे ते मला काय कळणार?

मी पॅकिंगमध्ये भीमाबाईशी बोलत उभी होते, तिथंच लेबर ऑफिसर कागद हातात घेऊन आले. 'ओल्ड' हा शिक्का नेमका 'फ्रॅक्चर' या शब्दाच्या आधी बसला होता. साहेबांनी दोन्ही एकत्र वाचलं. ओल्ड फ्रॅक्चर, जुनं मोडलेलं हाड. म्हणाले, हात तुमचा आधीच मोडलेला होता, तो लपवून तुम्ही नोकरीला लागलात. तुमच्या नोकरीच्या कार्डावर तसा शेरा मारलाय. आठ दिवसांत खुलासा द्या, नाहीतर नाव कमी करू.

भीमाबाई मध्ये पडली. "सायेब, माज्या डोळ्यादेखत पडली ती. स्टूल सरकलं." साहेब म्हणाले, तुम्ही मैत्रीण, तुम्ही असंच सांगणार. मग सगळ्या बायकांच्या देखत त्यांनी मला विचारलं, "घरी मारहाण होते का बाई? खरं सांगा, आम्ही समजून घेऊ."

मला आजही ते आठवलं की अंगाचा तिळपापड होतो. समजून घेणार म्हणे! ज्याला एक शिक्का समजला नाही, तो माझा संसार समजून घ्यायला निघाला होता.

यशवंतला सांगितलं तेव्हा त्याचा घास हातातच राहिला. "मला मारकुटा म्हनले?" एवढंच बोलला. दुसऱ्या दिवशी तो माझ्याबरोबर कर्जतला निघाला, पण खोपोली स्टेशनात माझ्यापासून चार हात लांब उभा राहिला. गळ्यात हात बांधलेली बाई आणि शेजारी तिचा नवरा, लोक काय म्हणतील, हे तोपर्यंत त्याच्या डोक्यातही आलं नव्हतं. नोकरी जाण्यापेक्षा मला ते जास्त लागलं.

खिडकीतल्या माणसाला मी जाब विचारला. तो मान वर न करता म्हणाला, दुसऱ्यांदा आलेला प्रत्येक जण ओल्डच असतो बाई, हात मोडलेला असो की पोट बिघडलेलं. मग माझं हाड जुनं कसं झालं, म्हटलं. तर म्हणे, शिक्का बसायचा तिथं बसतो. आपल्या हातानं मारलेल्या शिक्क्याबद्दल माणूस असं बोलतो, जसा काही तो आभाळातून पडला!

डॉक्टरांना सांगितलं तर ते आधी हसले. मला भारी राग आला आणि मी तो गिळला नाही. म्हटलं, डॉक्टर, तुम्हाला हसू येतंय, माझी भाकरी जातेय आणि माझा नवरा मान खाली घालून चालतोय. त्यांचं हसू मावळलं. त्यांनी पहिल्या दिवसाची फिल्म काढून दाखवली. ताज्या मोडीच्या कडा नुकत्या मोडलेल्या काडीसारख्या टोकदार असतात, जुन्या मोडीच्या बोथट होतात. माझ्या टोकदार होत्या. यशवंतनं वाकून वाकून बघितलं.

डॉक्टर इंग्रजीत लिहायला लागले तसं मी त्यांना थांबवलं आणि मराठीत लिहा म्हटलं, कार्बन घालून दोन प्रती करा. त्यांनी लिहिलं, "पहिल्या तपासणीच्या दिवशी बाईंच्या हाडाची मोड ताजी होती. 'ओल्ड' हा शिक्का पुन्हा तपासायला आलेल्या पेशंटचा आहे, हाडाचा नाही. जुनी आहे ती भेट."

लेबर ऑफिसरांनी ते वाचलं, गैरसमज झाला म्हणाले आणि फाइलमध्ये लावायला घेतलं. मी आधी कार्ड मागितलं. शेरा खोडून त्यांनी खाली सही करेपर्यंत मी खुर्चीवरून उठले नाही. झालं का समाधान, त्यांनी विचारलं. नाही, म्हटलं. "नवऱ्याचं तुम्ही पॅकिंगमध्ये विचारलंत, साहेब. ते पॅकिंगमध्ये येऊनच मागं घ्या." त्यांना दुसरी कामं होती.

खांदा मोडलेल्यांनो, पट्टी सुटली की पेंड्युलम एक्सरसाइज टाळू नका. कमरेत वाकायचं, हात सैल सोडायचा आणि घड्याळाच्या लंबकासारखा हलवायचा. रडू येतं, तरी करा, नाहीतर खांदा आखडून बसतो. माझा हात आता कानापर्यंत जातो, तो त्या डॉक्टरांमुळे. आणि फॉलोअपच्या प्रत्येक कागदावर पडल्याची तारीख लिहून घ्या. लिहिणारा कंटाळला तरी तुम्ही कंटाळू नका. पूर्वी कागद दिला की मी चालू लागायची. आता खिडकीतल्या माणसानं तो वाचून दाखवल्याशिवाय मी खिडकी सोडत नाही.

त्या दिवशी हात अजून गळ्यातच होता. साहेबांच्या खोलीतून मी तशीच पॅकिंगमध्ये गेले. बायका डबे सोडून बसल्या होत्या. मी मध्ये उभी राहिले, डाव्या हातानं दुसरी प्रत उघडली आणि डॉक्टरांचं पत्र पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचलं. मग माझ्या पदरचं एक वाक्य घातलं, की माझ्या नवऱ्यानं माझ्यावर कधी हात उचललेला नाही.

पलीकडे कटिंगची मशीन चालू होती. भीमाबाई म्हणाली, "आयकू नाय आलं गं, परत वाच."

तिला ऐकू आलं होतं, ती अगदी जवळ बसली होती. मी परत वाचलं, या खेपेला साहेबांच्या खोलीपर्यंत जाईल एवढ्या मोठ्यानं.