खलाफूची लहान हंडी

शनिवारी दुपारी खलाफू बोटं चाटत जेवायचा आणि रविवारी सकाळी लघवी तपासायची काचेची नळी विटेसारखी लाल व्हायची. आठ आठवडे हेच चाललं होतं. सोमवार ते शुक्रवार नळी निळी, फार तर हिरवट. रविवार उजाडला की लाल, म्हणजे साखर. त्याची बायको कमूना शनिवार संध्याकाळपासूनच रविवारची धास्ती घ्यायची. पण सांगणार कुणाला? घरातला आजार उंबऱ्याबाहेर न्यायचा नाही, अशी खलाफूची ताकीद होती.

कमूना हारा सगीरातली, म्हणजे बेटावरच्या ज्यूंच्या धाकट्या वस्तीतली. सतराव्या वर्षी लग्न होऊन ती हारा कबीराच्या थोरल्या वस्तीत आली, त्याला आता एकोणतीस वर्षं झाली. बाई तोंडाची फटकळ, हाताची सढळ. तिच्या हातच्या शब्बाथच्या रश्श्याचं, तफीनाचं, नाव अख्ख्या गल्लीत होतं. तिनं चार मुलं वाढवली, दोन मुली उजवल्या, सासूचं शेवटपर्यंत केलं, आणि ह्यातलं काही तिला जड गेलं नाही. जड गेलं ते नवऱ्याला बटाटा नाकारणं.

खलाफू सोनार. चांदीच्या तारेची जाळीदार नक्षी करण्यात त्याचा हात धरणारा कुणी नव्हता. दोन वर्षांपूर्वी त्याच्या लघवीत साखर निघाली. गेल्या उन्हाळ्यात डोळ्यांसमोर काळे ठिपके तरंगायला लागले. हूम्त सूक गावच्या डॉक्टरनं भिंगातून बराच वेळ डोळे पाहिले आणि मान हलवली.

"साखर खाली आणा, बाई. आणि ट्यूनिसला जाऊन डोळ्यांच्या डॉक्टरला दाखवा. मागच्या पडद्यावर रक्त साकळतंय. आज ना उद्या काम सोडावं लागेल."

ट्यूनिसला जायचं नाव काढलं की खलाफू उखडायचा.

"बसमध्ये अर्धी गल्ली असते. कुठं निघालास, कशाला निघालास, शंभर प्रश्न. सोनाराचे डोळे गेले असं एकदा गावभर झालं, की कोण आणून देणार मला सोनं? तू फक्त जेवणाचं बघ."

मग तिनं जेवणाचं बघितलं. घरातल्या मोठ्या हंडीत नेहमीसारखे गहू, बटाटे, पांढरा घेवडा पडायचा. खलाफूसाठी तिनं लहान हंडी वेगळी काढली. त्यात बैलाच्या पायाचं मांस, चरबी काढून, एक नळीचं हाड घालून. पाच जुड्या पालक तेलात काळा पडेस्तोवर परतायचा, त्याचा ढीग आटून मूठभर होतो. लसूण, जिरं, धणे, सुकी मिरची, दालचिनीचा तुकडा. नवलकोल आणि जेमतेम मूठभर भिजवलेले चणे. गहू नाही, बटाटा नाही, घेवडा नाही. इतर दिवशी ती घरच्याच चुलीवर शिजवायची. पण शुक्रवारी सूर्य मावळून शब्बाथ लागला की विस्तव पेटवायचा नाही, म्हणून शुक्रवारी दुपारी सगळ्या वस्तीच्या हंड्या हुअतीबाबाच्या भट्टीत जायच्या. भट्टीचं तोंड मातीनं लिंपलं की ते शनिवारी दुपारीच उघडायचं.

आणि गंमत म्हणजे खलाफूला बाकी सहा दिवसांचं जेवण घशाखाली उतरत नव्हतं. "हा पाला गाढवासमोर टाक," म्हणायचा. शनिवारची हंडी उघडली की मात्र माणूस बदलायचा. "तफीना खावी तर तुझ्या हातची! भट्टीत काय जादू होते कळत नाही." कमूना वरवर "पुरे, पुरे" म्हणायची, पण त्या एका वाक्यावर तिचा पुढचा आठवडा निघायचा. खोटं कशाला बोला, बिचारी फुलून जायची. त्या हंडीला ती स्वतः बोटसुद्धा लावत नसे. आधीच मांस थोडं, त्यात वाटेकरी कशाला?

मग नळी लाल कशानं होते?

आधी तिनं पावावर पाळत ठेवली. शब्बाथच्या पावाचे त्याच्या वाट्याचे तुकडे मोजून ठेवले. मग प्रार्थनाघरातल्या मेजवान्यांवर संशय घेतला.

"खरं सांग, प्रार्थनेनंतर कुणाच्या बारशाचं गोड खाल्लंस?"

"तुझ्या डोक्याची शपथ, बदामसुद्धा नाही."

"माझ्या डोक्याची कशाला? तुझ्या डोळ्यांची घे."

असं बोलायला नको होतं, हे तिला बोलताक्षणी कळलं. पण जीव टांगणीला लागलेल्या माणसाची जीभ ताब्यात राहत नाही.

शेवटी तिच्या मनानं घेतलं की हंड्यांची अदलाबदल होत असणार. भट्टीत दोनशे हंड्या, पालकाचा रस्सा सगळ्यांचाच काळा. नवव्या शुक्रवारी तिनं ठरवलं, आज हंडीवरची नजर हलवायची नाही. मुलाच्या हाती न देता ती स्वतः हंडी घेऊन गेली, हुअतीबाबाच्या हातात दिली आणि "येते" म्हणून सरपणाच्या ढिगाआड जाऊन उभी राहिली. शेहेचाळीस वर्षांची, चार मुलांची आई आणि लपंडाव खेळतेय! स्वतःचीच लाज वाटत होती.

हुअतीबाबा सत्तरीचा विधुर. भट्टीत सारण्याआधी तो प्रत्येक हंडीचं झाकण उचलून पाणी बघायचा, कमी असेल तर आधणाचं पाणी ओतायचा. कमूनाच्या हंडीपाशी तो थांबला. इकडे तिकडे पाहिलं. फळीमागून एक बाटली काढली आणि तिच्यातून काळं, घट्ट काहीतरी हंडीत ओतलं. मग पिठाची एक मूठ. मग डाव घेऊन ढवळलं.

करणी! दुसरं काय सुचणार? ती ढिगाआडून धावतच आली.

"काय टाकलंत? माझ्या हंडीत काय टाकलंत, बाबा?"

म्हाताऱ्याच्या हातून डाव पडला.

"पोरी, तू... तू हे बघायला नको होतंस."

"काय आहे त्या बाटलीत?"

"खजुराचा रस आहे गं. घरचाच. माझ्या मेव्हण्याच्या झाडांचा." तो मान वर करेना. "आणि कणीक. रस्सा दाट व्हावा म्हणून."

कमूनानं बाटलीत बोट घातलं, चाटलं. मधासारखा गोड रस.

"पण का? कुणी सांगितलं होतं तुम्हाला?"

"कुणी सांगावं लागतं का? झाकण दर शुक्रवारी मीच उचलतो. दोन महिन्यांपूर्वी बघितलं तर हंडीत गहू नाहीत, बटाटा नाही, नुसता पाला आणि दोन मांसाचे तुकडे. म्हटलं, खलाफूचं दिवाळं वाजलं की काय! त्यानं बारीक कामही हल्ली सोडलंय, लोकांच्या साखळ्यांचे आकडे लावत बसतो. सणाला तू करंज्या केल्या नाहीस. मग माणसानं काय समजायचं? पैसे दिले असते तर तू तोंडावर फेकले असतेस. देणाऱ्याचं नाव घेणाऱ्याला कळू नये, हीच आपली रीत ना?"

"दुसरी हंडी नाही पाहिलीत? मोठी?"

"ती पोरांसाठी राखत असशील, असं वाटलं. आईबाप पोटाला चिमटा घेऊन पोरांना घालतातच की."

भला माणूस, हेतू भला, रीतही शिकवलेली तीच, आणि आठ आठवडे तो तिच्या नवऱ्याला दर शनिवारी विष पाजत होता. रागवावं तर कुणावर? एव्हाना हंड्या घेऊन आलेल्या पाच-सात बायका अंगणात जमल्या होत्या. पुढे शेजारीण मीसा, जिच्या कानातून काही सुटत नाही. कमूनाला दोनच वाटा दिसत होत्या. गप्प बसून गरीब म्हणवून घ्यायचं, आणि हुअतीबाबानं नाही तर दुसऱ्या कुणी दयाळू हातानं पुन्हा काहीतरी घालायचं. नाहीतर नवऱ्याची ताकीद मोडायची.

"आम्ही उपाशी नाही," ती म्हणाली. आवाज तिला हवा होता त्याहून मोठा निघाला. "माझ्या नवऱ्याला साखरेचा आजार आहे. गोड, गहू, बटाटा, सगळं बंद. डॉक्टरनं सांगितलंय, साखर उतरली नाही तर डोळे जातील. झालं? ऐकलं सगळ्यांनी?"

हुअतीबाबा खाली बसला, दोन्ही हातांनी डोकं धरलं.

मीसानं तोंड उघडलं. "अगं बाई! डोळे? माझ्या रहेलच्या लग्नाच्या बांगड्या त्याच्याकडेच आहेत की!"

नेमकं हेच खलाफू म्हणत होता. कमूनाला ते वाक्य चाकूसारखं लागलं. पण सूर्य थांबणार नव्हता, शब्बाथ लागायला तास उरला होता आणि पाच जुड्या पालक पुन्हा परतायला वेळ नव्हता. तिनं हंडी उचलून नळाखाली नेली, काळा रस्सा ओतून दिला आणि मांसाचा एकेक तुकडा चोळून चोळून धुतला. धुताना तिला रडू आलं, आणि तिनं ते येऊ दिलं. कुणीतरी शेजारी उकिडवं बसलं. मीसाच होती.

"हे घे. दोन नवलकोल आणि लसणाचा गड्डा आहे. चालतं ना त्याला?"

"चालतं."

"मग आधी का नाही बोललीस, मूर्ख बाई?"

हंडीत आता मांस, नवलकोल, लसूण, मीठ आणि पाणी. हुअतीबाबानं ती सगळ्यांत आत, निखाऱ्याजवळ सारली आणि माती लिंपायला घेतली.

शनिवारी दुपारी झाकण उघडलं तर रस्सा पातळ, फिकट. खलाफूनं पहिला घास घेतला, चावला आणि तिच्याकडे बघितलं. कमूनानं मुलांना अंगणात पिटाळलं आणि सगळं सांगून टाकलं. भट्टी, बाटली, मीसा, बांगड्या. तो ओरडेल म्हणून ती अंग चोरून बसली होती. तो ओरडला नाही.

"तुला गोड लागत नव्हतं का?" तिनं विचारलं.

"लागत होतं की."

"मग बोलला का नाहीस?"

खलाफूनं पावाचा तुकडा रश्श्यात बुडवला, पण तोंडात घातला नाही. "मला वाटलं, तूच घालतेस. सहा दिवस मला गाढव समजून चारतेस आणि एक दिवस नवरा समजून वाढतेस. म्हटलं, विचारलं तर तेही बंद करशील."

कमूनाला राग आला, कीव आली, आणि ज्या कौतुकावर आपण दोन महिने जगलो ते खजुराचं होतं, ह्याचं मेलं दुःखही झालं.

"दर रविवारी नळी मी बघत होते," ती म्हणाली. "मी घालीन होय, वेड्या?"

फिकट रस्सा त्यानं संपवला, हाडातला मगजही काढून खाल्ला.

रविवारी सकाळी खलाफूच्याच सोनारकामाच्या दिव्यावर तिनं नळी धरली. औषधात लघवीचे थेंब उकळले, तिनं शंभरापर्यंत आकडे म्हटले आणि मगच डोळे उघडले. निळी! हिरव्याची छटासुद्धा नाही. ती हाका मारतच दारापाशी आली, तिथं उजेड चांगला होता.

"खलाफू! अरे, बघ तरी!"

खलाफूनं नळी घेतली, उन्हाकडे धरली, मान तिरकी केली. नळी अगदी नाकाशी आणली.

"हिरवी," तो म्हणाला. "चला, लाल तर नाही."

कमूनाचं हसू ओठांवरच राहिलं. "निळी आहे."

"तेच म्हणालो मी."

"तू हिरवी म्हणालास."

त्यानं नळी पुन्हा वर धरली. बराच वेळ धरली. चांदीच्या केसाएवढ्या तारा वळणारा तो हात स्थिर होता, पण डोळे नळीच्या जरा बाजूला बघत होते. किती दिवसांपासून? आठ रविवार ती नळ्यांचे रंग आपल्यापुरते बघत आली होती, आणि तो आपले डोळे आपल्यापुरते झाकत आला होता.

"मीसाच्या बांगड्या?" तिनं हळूच विचारलं.

"तशाच आहेत. हात नाही लावला." तो उंबऱ्यावर बसला. "भीती वाटते गं मला."

एकोणतीस वर्षांत हे वाक्य तिनं त्याच्या तोंडून ऐकलं नव्हतं. तिनं नळी धुऊन पालथी घातली, डोक्यावर रुमाल बांधला आणि ती ट्यूनिसच्या बसची दोन तिकिटं काढायला निघाली. वाटेत मीसानं ओट्यावरून विचारलं, "कुठं निघालीस एवढ्या सकाळी?" कमूनानं थांबून सांगितलं.