भिंतीपर्यंतची वाट

मुळशीत आमच्या चहाच्या टपरीवरनं एक मावशी रोज दोन म्हशी घेऊन धरणाच्या पाण्याकडं जातात. नाव मला माहीत न्हाई. त्यांच्या वाटेवर रिसॉर्टवाल्यानं भिंत घालायला घेतली, तवा त्यांनी ती थांबवायला कोर्टात अर्ज केला. तारखा पडत राहिल्या, भिंत उभी राहिली. मग कोर्ट म्हणालं, भिंत तर झाली, आता थांबवायचं काय? अर्ज फेटाळला.

तरी मावशी रोज जातात. भिंतीला हात लावतात, पदर खोचतात, म्हशी वळवून माघारी येतात.

मी टपरीवर त्यांच्या चालीची नक्कल करून दाखवायचो, कधी न बघितलेल्या जजसाहेबांचं खाकरणंसुद्धा. पोरं हसून लोळायची. एकदा त्या मागंच उभ्या.

"म्हशी कशाला दमवता, मावशी?" मी सावरत विचारलं.

"वाट मोडाया नगं. न्हाईतर म्हनतील, हितनं कोन जातच नव्हतं. आता भिंत पाडा म्हनून नवा अर्ज करनार. उद्या पौडला कोर्टात जातीय." त्यांनी काठी माझ्या हातात दिली. "माजी चाल बरी करतूस. उद्या म्हशींमागनं कर."

दुसऱ्या दिवशी मी भिंतीला हात लावला. पदर नव्हता, म्हणून रुमाल खोचला आणि म्हशी वळवल्या.