सासूबाईंचे अननसाचे तमाले

सिंगापूरच्या क्वीन्सटाउनला आमच्या फ्लॅटसमोर एक मेक्सिकन कुटुंब राहायचं. दर नाताळात त्या घरची बाई मजल्यावरच्या सगळ्यांना गोड तमाले द्यायची. मक्याच्या पिठात अननसाचं सारण भरायचं, केळीच्या पानात बांधायचं आणि वाफवायचं. ते कुटुंब परत गेलं, आणि मागच्या डिसेंबरात मी मजल्याच्या ग्रुपवर लिहून मोकळी झाले, 'यंदा तमाले माझ्याकडून.' चाळीस.

बंदरातल्या जहाजांना भाजी-किराणा पुरवायचा धंदा मी एकटीने उभा केलाय. दिलेला शब्द मी मागे घेत नाही. पण सासूबाई अकरा वर्षांपूर्वी गणपतीत घरभर पाहुण्यांसमोर म्हणाल्या होत्या, "आमच्या सुनेला धंदा जमतो, मोदक जमत नाहीत." सगळे हसले. मी ते विसरलेले नाही, विसरणारही नाही. आणि नेमक्या त्याच डिसेंबरात त्या आमच्याकडे राहायला आल्या होत्या.

मजल्याच्या नाताळच्या पार्टीच्या दिवशी सकाळी मी मक्याच्या पिठाची उकड काढली, तांदळाची काढतात तशीच. पहिला घाणा मोदकपात्रातून बाहेर आला तो दगडासारखा. मी पातेलं सिंकमध्ये आपटलं.

"केळीच्या पानांसाठी दुकानदाराशी पाऊण तास भांडलीस," सासूबाई खुर्चीवरून म्हणाल्या. "पिठाला पाच मिनिटं दिली नाहीस."

"तुम्हाला तरी कुठे येतात?"

"नाहीच येत. पीठ दाखव."

त्यांनी चिमूटभर पीठ हुंगलं, जिभेवर ठेवलं. "चुन्याचा वास आहे याला." उभा जन्म पान खाल्लेली बाई, तिला चुना कळणारच. "मका चुन्याच्या पाण्यात शिजवून मग दळलेला दिसतोय. शिजलेल्याची परत उकड कशाला?"

मी पाकीट उलटून बघितलं. मागे बारीक अक्षरात चुना लिहिलेला होता. त्या पाकिटासाठी दुकानदाराशी मी घासाघीस केली होती, पण मागची बाजू वाचली नव्हती.

मग त्यांनी परातीत लोणी घेतलं आणि नानकटाईला तूप फेसतात तसं तळव्याने फेसायला लागल्या. लोणी पांढरंशुभ्र, हलकं होईपर्यंत हात थांबला नाही. त्यात पीठ, साखर, अननसाचा कोमट रस, चिमूटभर सोडा. कधी न बघितलेला पदार्थ, पण मोजायला वाटी नाही की चमचा नाही. बंदरात मी भल्याभल्या माणसांची किंमत मनात ठरवत आलेय. त्या तळव्याची मला ठरवता आली नाही. मी गुपचूप पानं गॅसवर शेकून, सारण भरून चाळीस पुड्या बांधल्या आणि वाफवल्या.

संध्याकाळी खाली ब्लॉकच्या मोकळ्या जागेत पार्टी झाली. आमच्या मजल्यावरच्या चिनी आजोबांनी पुडी सोडली, घास घेतला आणि डोळे मिटले. शेजारची मलय बाई मला म्हणाली, "त्या मेक्सिकन बाईच्या तमाल्यांपेक्षा मऊ झालेत. तू केलेस?"

हो म्हणायला अर्धा क्षण पुरला असता. सासूबाईंना इंग्रजी कळत नाही.

"माझ्या सासूने केले," मी म्हणाले.

सगळे त्यांच्याकडे वळून हात जोडायला लागले. त्या गोंधळल्या. "काय सांगितलंस त्यांना?"

"तुम्ही केलेत म्हणून."

"चाळीस पुड्या कोणी बांधल्या? एक तरी सुटली का?" त्यांनी मला दंडाला धरून पुढे ओढलं आणि त्या बाईला मराठीतच ठणकावलं, "आम्ही दोघींनी केलेत."

त्या बाईला एक अक्षर कळलं नाही. मला कळलं. अकरा वर्षांच्या त्या रागातला थोडा तिथेच गेला; बाकीच्याचं मी अजून काही ठरवलेलं नाही.