पाणी सोडलं?

हॉस्पिटलात त्यांना कोणी नावाने हाक मारल्याचं कोणालाच आठवत नाही. बॉयलरच्या खोलीच्या दारात कोणीही उभं राहिलं, अगदी मोठे डॉक्टर आले, तरी आतून पहिला शब्द यायचा, “थांबा.” मग हातातलं काम संपवून, हात पुसून, दाबाच्या काट्याकडे एकदा रोखून बघून स्वारी बाहेर यायची. एकतीस वर्षांत एकही अपघात झाला नाही, याचं सगळं श्रेय ते या एका शब्दाला द्यायचे. लोकांनी मग त्यांचं नावच थांबासाहेब ठेवलं, आणि निवृत्तीच्या दिवशी खात्यातल्या मंडळींनी त्यांना भेट काय दिली, तर लाल पत्र्याची एक पाटी. दुरुस्ती चालू असताना ते जी पाटी मशीनला अडकवायचे तीच, पण नवीन रंगवलेली. पाटीवर एकच शब्द होता आणि तो कोणता, हे सांगायला नको.

त्यांची बायको त्याच हॉस्पिटलात टेलिफोन ऑपरेटर होती. वॉर्डातून फोन यायचा, गरम पाणी नाही. ऑपरेटरबाई खाली फोन लावायच्या.

“पाणी सोडलं?”

“सोडलं.”

याचा अर्थ गरम पाण्याचा व्हॉल्व्ह उघडला, पाणी वर निघालं, सिस्टरना सांगा बादल्या लावा. दिवसातून दहा वेळा हे बोलणं व्हायचं. या दोन वाक्यांवरच त्यांचं लग्न जमलं असं म्हणायला हरकत नाही, कारण लग्नाआधी याहून जास्त ते एकमेकांशी बोललेच नव्हते. लग्नानंतरही फार फरक पडला असं नाही.

तर असा हा माणूस, तीनशे खाटांना वाफाळतं पाणी देणारा. आणि याच्या घरी काय? स्टाफची घरं आवाराच्या पार टोकाला, पाइपलाइनचं शेवटचं तोंड त्यांच्या न्हाणीत. तिथपर्यंत येता येता पाण्याचा सगळा उत्साह मावळलेला असायचा. नळातून यायचं ते कोमट, आणि थंडीत तर तेही नाही. बाई रोज सकाळी शेगडीवर पातेलं चढवायच्या, फडक्याने धरून न्हाणीत न्यायच्या, आणि मग ड्युटीवर जाऊन दुसऱ्यांच्या गरम पाण्याची चौकशी करायच्या. पहिली दोन वर्षं त्यांनी तक्रार केली. पुढे नुसते टोमणे मारले. थांबासाहेबांना ते टोमणे लागायचे, पण पाइपलाइन काही वाढत नव्हती.

निवृत्त झाल्यावर त्यांनी जुना कॅम्पर घेतला. म्हणजे गाडीच, पण आत पलंग, शेगडी, कपाटाएवढी न्हाणी आणि पलंगाखाली वीस लिटरचा गिझर. बघायला गेले तेव्हा विकणारा माणूस इंजिन दाखवत होता आणि हे पलंगाखाली आडवे पडले होते. बाहेर आले ते अंगाला जळमटं लावून आणि चेहऱ्यावर हसू घेऊन.

“टाकी चांगली आहे,” ते म्हणाले.

“गाडी चालते का?” बाईंनी विचारलं.

“ती बघू नंतर.”

दहा दिवसांचा प्रवास ठरला. रस्ता जिथे संपतो तिथला समुद्र बाईंना बघायचा होता. जन्मभर त्यांनी समुद्र कॅलेंडरवरच बघितला होता, कारण बॉयलर सोडून थांबासाहेब कधी कुठे हलले नव्हते. पण बाईंनी एक अट घातली आणि ती जशी टेलिफोनवर बोलायच्या तशी, एकेक शब्द सुटा करून घातली.

“रोज सकाळी मला गरम पाणी हवं. नळातून. पातेल्यातलं चालणार नाही, जन्मभर पातेलीच उचलली मी. एका सकाळी जरी नळाला गरम पाणी आलं नाही, तरी तिथून गाडी वळवायची. समुद्र दिसत असला तरी वळवायची.”

“मान्य,” थांबासाहेब म्हणाले. मनात म्हणाले, हे तर माझंच खातं.

मग पंधरा दिवस त्यांनी त्या गिझरला नवऱ्यामुलासारखं नटवलं. बाहेरची जाळी काढली, तर धूर जायच्या नळीत गांधीलमाश्यांनी अख्खं पोळं थाटलेलं. ते काढलं. टाकीतली धातूची कांडी बदलली. पाण्याने टाकीला गंज चढू नये म्हणून टाकीऐवजी ती कांडी स्वतः झिजते, असं त्यांनी बाईंना कौतुकाने समजावलं.

“कळलं,” बाई म्हणाल्या. “अशी कांडी आहे आपल्या घरात.”

हा गिझर गॅसवरही चालायचा आणि विजेवरही. गॅसच्या जोडांना थांबासाहेबांनी साबणाचा फेस लावला. गिझरकडच्या एका जोडाशी बारीक बुडबुडा आला. दुसऱ्या कोणी पाना फिरवून घट्ट केला असता. यांनी नाही. “मी वाफेचा माणूस, गॅसचा नाही,” म्हणत त्यांनी गिझरकडे जाणारा गॅसचा कॉक बंद केला, त्याला ती लाल पाटी अडकवली आणि ठरवलं, गॅसचा मेकॅनिक बघेपर्यंत गिझर फक्त विजेवर. शेगडीची नळी वेगळी होती, ती तपासून चालू ठेवली. गॅस गळला तर ओरडणारा भोंगाही भिंतीला लावला.

शेवटी गिझरच्या बटणाशेजारी नियमांचा कागद चिकटवला. गाडी चालताना गिझर बंद. सेफ्टी व्हॉल्व्ह ठिबकला तर त्याला बूच मारायचं नाही. नियम नऊ होते, पण सगळ्यात ठळक अक्षरात पहिला: पाणी सोडल्याची खात्री केल्याशिवाय बटण दाबू नये. टाकी रिकामी असताना बटण दाबलं तर आतली कॉइल जळून जाते, म्हणून. बाईंनी कागद दोनदा वाचला आणि पाठ करून टाकला. त्यांना अर्धवट काम आवडत नसे.

पहिले चार दिवस स्वर्ग. जिथे कॅम्पर उभे करायची जागा मिळेल तिथे मुक्काम करायचा, विजेची वायर जोडायची, अर्ध्या तासात न्हाणीतून वाफ. बाई अंघोळ करून बाहेर यायच्या तेव्हा त्यांचे दुखरे गुडघे निवलेले असायचे आणि तोंडातून चक्क गाणं. थांबासाहेब बाहेर खुर्चीत बसून ते ऐकायचे आणि शेजारच्या गाडीवाल्याला विनाकारण सांगायचे, “टाकी चांगली आहे.”

पाचव्या दिवशी दुपारी पाण्याला नासक्या अंड्यासारखा वास यायला लागला. थांबासाहेबांना उलट आनंदच झाला, इलाज माहीत होता. टाकी रिकामी करायची, आतून धुवायची, पुन्हा भरायची. त्यांनी बटण बंद केलं, टाकी गार होऊ दिली, दाब सोडला आणि गाडीबाहेर चटई टाकून खाली सरकले. बूच काढताच पाणी भळभळा वाहिलं. आता एवढं सगळं केलं, पण बटणाला पाटी अडकवली नाही. पाटी एकच होती आणि ती गॅसच्या कॉकवर होती. आणि त्यांनी विचार केला, इथे कोण आहे हात लावायला, गाडी घरचीच.

तेवढ्यात बाई कपडे वाळत घालून आत आल्या. गिझर बंद करून दोन तास झाले, संध्याकाळी भांडी घासायला गरम पाणी लागेल, यांची खटपट चालली आहे तोवर आपणच बटण दाबावं. पण नियम म्हणजे नियम. त्यांनी खिडकीतून ओरडून विचारलं,

“अहो, पाणी सोडलं?”

“सोडलं!” गाडीखालून उत्तर आलं. एकतीस वर्षांच्या सवयीचं, खणखणीत.

खात्री झाली. बाईंनी बटण दाबलं.

चार मिनिटांनी गाडीखालच्या माणसाच्या नाकाला जळका वास लागला. “थांबा!” असं ते ओरडले आणि उठायला गेले तर डोकं गाडीच्या पोटावर आपटलं. आतून ‘खट्’ आवाज झाला, फ्यूज उडाला, पंखा बंद झाला.

“कोणी दाबलं बटण?”

“मी. विचारून दाबलं. पाणी सोडलं का म्हटलं, तुम्ही सोडलं म्हणालात.”

“अगं, सोडलं म्हणजे खाली सोडलं!”

“खाली?” बाईंचा आवाज चढला. “एकतीस वर्षं सोडलं म्हणजे वर सोडलं. आणि आजच कसं खाली?”

थांबासाहेब गाडीखालून बाहेर आले. ते तरातरा आत गेले, कागदावर बोट ठेवून नियम दाखवायला. आणि बोट ठेवलं तिथे त्यांच्याच हस्ताक्षरात लिहिलं होतं, पाणी सोडल्याची खात्री. ‘भरल्याची’ नाही. बाईंनी त्यांचा नियम तंतोतंत पाळला होता. बोट तिथेच राहिलं.

त्यांना फार लाज वाटली. कॉइल गेली याची नव्हे. साध्या बटणाला पाटी न लावता कामाला हात घातला, असं हाताखालच्या माणसाने केलं असतं तर त्याला त्यांनी आठवडाभर झाडू मारायला लावलं असतं.

गावातल्या इलेक्ट्रिकच्या दुकानदाराने कॉइल बघितली, मान हलवली आणि म्हणाला, “नवी येईल चार दिवसांत.” समुद्र एका दिवसावर होता. गॅसवर गिझर पेटवून बघू, असा मोह एकदा त्यांच्या मनात आला. लाल पाटीकडे बघितलं आणि तो विचार तिथेच सोडला.  बाईंनी शांतपणे नकाशाची घडी उलटी घातली, परतीचा रस्ता वर येईल अशी, आणि झोपल्या. सवलत मागायचा त्यांचा स्वभाव नव्हता आणि द्यायचा तर त्याहून नव्हता. थांबासाहेबांनी मागितलीही नाही. शब्द दिला होता.

सकाळी उजाडताच ते उठले. शेगडीवर दोन्ही पातेली चढवली. कॅम्पचा रखवालदार फुलझाडांना पाणी घालत होता, त्याच्याकडून झारी मागून आणली, घासूनपुसून घेतली. पातेल्यातलं पाणी झारीत ओतलं, गार मिसळलं, कोपर बुडवून बघितलं, थर्मामीटरही घातला, आणि एका हातात झारी घेऊन गाडीच्या मागच्या शिडीवर चढायला लागले. न्हाणीच्या छताला हवेसाठी एक झाकण होतं. ते त्यांनी वरून उघडलं.

“अगं, न्हाणीत ये.”

“कशाला? नळाला गार आहे.”

“ये तर.”

बाई आल्या. वरून आवाज आला, “मी डोळे मिटलेत.”

“लग्नाला तीस वर्षं झाली,” बाई खालून म्हणाल्या. “उघडे ठेवा. पडाल.”

“बरं. तू विचार.”

“काय विचारू?”

“जे विचारायचीस ते.”

 मग खालून टेलिफोनवरचा तो जुना आवाज, एकेक शब्द सुटा, “पाणी सोडलं?”

“सोडलं!”

आणि थांबासाहेबांनी झारी कलती केली. गरम पाण्याची बारीक सर बाईंच्या डोक्यावर, खांद्यांवर, गुडघ्यांवर पडली. पहिली झारी संपली. ते उतरले, भरली, चढले. दुसरी संपली. उतरले, चढले. तेवढ्यात रखवालदार येऊन खाली उभा राहिला.

“साहेब, छतावर झाडं लावलीत का?”

“एकच आहे,” थांबासाहेब धापा टाकत म्हणाले. “जुनं आहे. पण जगलं पाहिजे.”

“ऐकू येतंय मला!” आतून आवाज आला.

चौथ्या झारीला पाणी जरा जास्तच गरम झालं. “थांबा!” बाई ओरडल्या, आणि आयुष्यात पहिल्यांदा थांबासाहेब दुसऱ्याच्या सांगण्यावरून थांबले. गार मिसळलं, पुन्हा कोपर बुडवलं, मग ओतलं. खाली गाणं सुरू झालं.

बाई केस पुसत बाहेर आल्या तेव्हा थांबासाहेब स्टिअरिंगमागे बसले होते. शर्ट भिजलेला, पायजम्याला चिखल, समोर नकाशा, परतीचा रस्ता वर आलेला.

“नळातून नाही आलं,” ते खाली बघत म्हणाले. “अट अट असते. चूक माझी होती. शब्द मी लिहिला, पाटी मी लावली नाही. वळवतो गाडी.”

बाई शेजारी बसल्या. नकाशा उचलला, घडी उलगडली आणि समुद्र वर येईल अशी पुन्हा घातली.

“अहो, मी पाणी सोडलं.”

थांबासाहेब दचकून मागे वळले. “कुठून? आत की बाहेर?”

“अटीवर,” बाई म्हणाल्या. “चला आता.”