एका हिवाळ्याची बास्केटबॉल टीम

आमच्या टीममधले दोघं भेटले की किस्से निघतात. तिघं भेटले की भांडण निघतं, कारण प्रत्येकाची मॅच वेगळी! मी कमी बोलतो, म्हणून सगळ्यांचं ऐकून माझाच गोंधळ जास्त झाला आहे.

बहात्तरचा दुष्काळ सरला होता. शेलूबाजारच्या पलीकडे आमचं गाव. शाळेत पीटीचे नवे सर आले आणि आम्हा कबड्डीवाल्यांची त्यांनी बास्केटबॉलची टीम केली. कॅप्टन महादेव. मजुरी करून उरलेल्या वेळात त्यानं एकट्यानं कोर्टाची जागा सपाट केली होती.

रिंग लागली. सरपंच पाटील बघायला आले. सरांनी चेंडू टाकला, तो आरपार खाली!

"सर, बूड लावा ना याले! चेंडू वाया जाऊन राह्यला." पाटील कळवळले.

जाताना पाटील म्हणाले, "हिवाळाभर खेळा. एक तरी मॅच जिंका. नाही त जागा गुरांच्या बाजाराले देतो." महादेवाचं तोंड एवढंसं झालं.

*

पहिली मॅच मंगरूळपीरला. समोरच्याचा हात लागला आणि महादेव मुकाट्यानं बाहेर जाऊन बसला. मग मी. मग आमच्यातला गुलाब. रेफरी धावत आला, "लागलं का कुठं?"

"शिवला न तो मले!" महादेव म्हणाला.

*

दुसऱ्या मॅचला सरांनी बजावलं, "बाहेर जायचं नाही." गुलाबानं मग ज्याच्या हाती चेंडू, त्याचा घोटाच धरला. शिट्टी वाजली की तो खूश! पाच शिट्ट्या म्हणजे पाच फाउल; रेफरीनं त्याला बाहेर काढलं.

"पाच गडी झाले माये," तो ऐटीत म्हणाला. "आता आराम कर म्हणते रेफरी."

*

वाशीमला अर्ध्या मॅचनंतर बाजू बदलल्या. खेळाच्या भरात ते आम्ही विसरूनच गेलो. महादेवानं जन्मातला सगळ्यात सुंदर बास्केट टाकला. समोरच्या टीमनं टाळ्या वाजवल्या.

"किती चांगले पोट्टे आहेत!" महादेव मला म्हणाला.

*

शेवटची मॅच अकोल्याला. समोरच्यांची गाडी वाटेत बंद पडली. तासभर वाट पाहून रेफरी म्हणाला, "तुम्ही जिंकलात."

सरांनी उडीच मारली. कोर्ट वाचलं! महादेव मात्र तिथंच उभा.

"पण हरवलं कोणाले?"

"ते आलेच नाहीत ना!"

"मंग गावात काय सांगू?"

कडेला सायकली धरून कॉलेजची पाच पोरं उभी होती. महादेवानं हाक मारली, "या ना भाऊ, खेळू!" सर नको नको म्हणत राहिले. पोरं चपला काढून आत आली. त्यांनी आम्हाला बेदम हरवलं.

गावात उतरलो तर पाटील एसटीपाशीच उभे.

"काय रे महादेव, जिंकले का?"

"हाव पाटील."

"मंग तोंड काहून पाडलं?"

"मंग हारलो."

"कोणासंग?"

"जे आले त्यायच्यासंग."

"अन् जिंकले कोणासंग?"

"जे आले नाई त्यायच्यासंग."

पाटलांनी टोपी काढली, डोकं खाजवलं आणि सरांकडे पाहिलं. सर आमच्याकडे पाहत होते.