पॅचवर्कसाठी राखलेली दाढी

गेल्या वर्षी बाबांनी सात महिने दाढी ठेवली. आवडली म्हणून नाही. एका सिनेमात ते गावचे पोस्टमास्तर होते. दोन सीन. निघताना असिस्टंट डायरेक्टर म्हणाली होती, "काका, दाढी काढू नका हं. थोडं पॅचवर्क राहिलंय, फोन करते." राहिलेले तुकडे नंतर शूट करतात तेव्हा चेहरा तसाच लागतो. हे आमच्या घरात सगळ्यांना माहीत आहे. गेली पंचवीस वर्षं बाबा हवालदार, डॉक्टर, नाहीतर नवरीचे मामा होत आलेत.

करी रोडच्या आमच्या इमारतीत लोक लिफ्टमध्ये हळूच विचारायचे, "घरात काही झालं का?"

आई वैतागायची. "अहो, शिमग्याचं सोंगसुद्धा पाच दिवसांत उतरतं."

बाबा हसायचे आणि सेटवरचा फोटो समोर ठेवून दाढी मापात कातरायचे.

मग एका मालिकेत न्यायाधीशाचं काम आलं. महिन्याला दहा दिवस, निदान वर्षभर. इतकं मोठं काम बाबांना कधीच आलं नव्हतं. पण मालिकावाल्यांना दाढी नको होती. बाबांनी दोन दिवस मागून घेतले आणि त्या असिस्टंटला फोन लावत राहिले. तिने उचलला नाही. "शब्द दिलाय," म्हणाले, आणि मालिकेला नकार कळवला. ती खुर्ची आठवड्याभरात दुसऱ्या कुणाला मिळाली.

मला फोनवर बोलणं जमत नाही. तरी पुढच्या महिन्यात, लोअर परळला ऑफिसच्या जिन्यात उभं राहून मी माझ्या नंबरवरून तिला फोन केला. काय बोलायचं ते आधी लिहून घेतलं होतं, इंग्लिशमध्ये.

"ते पॅचवर्क? ते कधीच झालं की! पाठमोरा शॉट होता, एका लाइटमनला कोट घालून बसवलं. काकांना कुणी सांगितलं नाही?"

मी थँक यू म्हटलं. का, ते कळत नाही.

घरी आले तेव्हा बाबा आरशासमोर कात्री घेऊन उभे होते. मी सगळं सांगितलं. ते चिडतील असं वाटलं होतं.

"कुठला लाइटमन?" बाबांनी विचारलं.

"ते नाही विचारलं."

"ते सगळेच धिप्पाड होते ग," बाबा म्हणाले. "खांदे जुळणार नाहीत."